बिनवाराचा दिवस

शाळेतली मुलं हमखास विचारतात आणि मोठी माणसं विचारायचं सोडून देतात असा एक प्रश्न आहे. गेल्या वर्षी माझा वाढदिवस मंगळवारी होता, यंदा बुधवारी आला. तारीख तीच असताना वार का सरकला? आणि त्याच्या पाठोपाठ येणारा, जास्त अवघड प्रश्न असा: हे सरकणं थांबवता येणार नाही का?

थांबवता येतं. गणित चौथीच्या मुलाला जमेल इतकं सोपं आहे. पण खऱ्या जगात ते कुणाला टिकवता आलेलं नाही. जमलं ते एका कादंबरीतल्या बुटक्या, खादाड, शेतकरी लोकांना. या प्रकरणात त्यांची कालगणना उलगडून पाहू, कारण आपल्या भिंतीवरच्या कॅलेंडरात काय काय दडलेलं असतं ते दुसऱ्याच्या, तेही कल्पित, कॅलेंडरात जास्त स्वच्छ दिसतं.

१. एक दिवस शिल्लक

आठवडा सात दिवसांचा. वर्ष ३६५ दिवसांचं. भागाकार करून पाहा: सात गुणिले बावन्न म्हणजे ३६४, बाकी एक. हा एक उरलेला दिवस दरवर्षी प्रत्येक तारखेला एक वार पुढे ढकलतो. मधे २९ फेब्रुवारी आला, तर दोन वार.

बाकी उरणं हा काही कुणाचा दोष नव्हे. पृथ्वी सूर्याभोवती फिरताना आपल्या आठवड्याची चौकशी करत नाही. खोलीला फरशी बसवताना गवंड्याची हीच अडचण असते. खोलीचं माप फरशीच्या पटीत कधीच नसतं, शेवटी एक अरुंद पट्टी उरते, आणि तिथे तुकडे कापून बसवावे लागतात. प्रश्न एवढाच असतो की ते तुकडे कपाटाखाली जातील, दारामागे जातील, की उंबऱ्यासमोर येतील.

जगातल्या निरनिराळ्या समाजांनी हे तुकडे निरनिराळ्या जागी टाकले. प्राचीन इजिप्तमध्ये तीस-तीस दिवसांचे बारा महिने होते आणि वरचे पाच दिवस ओसायरिस, आयसिस वगैरे देवतांचे जन्मदिवस म्हणून वेगळे काढले होते. मेक्सिकोतल्या ॲझ्टेक लोकांकडे उरलेले पाच दिवस अशुभ मानले जात, त्या दिवसांत महत्त्वाचं काम कुणी काढत नसे. फ्रेंच क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये स्वतःचं कॅलेंडर आणलं. त्यात पाच उरलेले दिवस सद्गुण, प्रतिभा, श्रम अशा गोष्टींच्या उत्सवांना दिले. आपल्या पंचांगाची बाकी जरा मोठी असते. चांद्रवर्ष सुमारे ३५४ दिवसांचं, सौरवर्षापेक्षा अकरा दिवसांनी लहान. ही तूट साठत जाते आणि साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी अख्खा अधिक महिना घालावा लागतो. त्या महिन्यात लग्नमुंजी बंद. जावयाला मात्र अनारशांचं वाण. एका खगोलीय तुटीचा लाभार्थी जावई ठरावा, ही मराठी माणसाची खास युक्ती म्हणायला हवी.

२. परिशिष्ट चौथे

जे. आर. आर. टोल्किन हे ऑक्सफर्डमध्ये जुन्या इंग्रजीचे प्राध्यापक. त्यांची ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही कादंबरी १९५४-५५ मध्ये तीन खंडांत आली. तिसऱ्या खंडाच्या शेवटी परिशिष्टं आहेत: राजांच्या वंशावळी, सनावळी, लिप्या, भाषा. त्यांतलं चौथं परिशिष्ट पूर्णपणे कालगणनेवर आहे. कादंबरीचे बहुतेक वाचक शेवटचं पान संपलं की पुस्तक मिटतात. त्यांचं बरंच काही हुकतं असं मला वाटतं.

कथेतले हॉबिट हे माणसाच्या निम्म्या उंचीचे लोक. त्यांचा मुलूख म्हणजे शायर: शेतं, बागा, खानावळी, टपाल, आणि दिवसातून जमेल तितक्या वेळा जेवण. मोठ्या जगाशी त्यांना देणंघेणं नसतं. अशा लोकांचं कॅलेंडर कसं असेल? टोल्किननी त्याची नुसती सजावट केली नाही, ते चालेल असं बनवलं.

३. सहा महिने, मधली सुट्टी, पुन्हा सहा महिने

शायरमध्ये बारा महिने, प्रत्येक महिना बरोबर तीस दिवसांचा. म्हणजे ३६० झाले. कुठला महिना एकतीसचा हे मुठीच्या उंचवट्यांवर मोजायची गरज नाही. फेब्रुवारीही तीस दिवसांचा. टोल्किननी कादंबरीत वाचकांच्या सोयीसाठी जानेवारी-फेब्रुवारी हीच महिन्यांची नावं वापरली, त्यामुळे सनावळीत चक्क ३० फेब्रुवारी ही तारीख सापडते आणि पहिल्यांदा वाचणाऱ्याला छपाईची चूक वाटते. हॉबिटांची स्वतःची नावं वेगळी होती: आफ्टरयूल, सोलमाथ, थ्रिमिज, हॅलिमाथ. ती टोल्किननी हवेतून काढली नाहीत. आठव्या शतकात बीड नावाच्या इंग्लिश संन्याशाने कालगणनेवर जो ग्रंथ लिहिला, त्यात नोंदलेल्या इंग्लंडच्या जुन्या महिन्यांवरून ती घडवली.

राहिले पाच दिवस. हे कुठल्याच महिन्यात नाहीत. दोन हिवाळ्यात, वर्षाच्या दोन टोकांना: वर्षाचा शेवटचा दिवस आणि नव्या वर्षाचा पहिला. त्यांना ‘यूल’ म्हणतात. उरलेले तीन ऐन उन्हाळ्यात, सहाव्या आणि सातव्या महिन्याच्या मधे. त्यांचं नाव ‘लिथ’. पहिला लिथ, मग वर्षमध्याचा दिवस, मग दुसरा लिथ. लीप वर्ष असेल तर वर्षमध्यानंतर आणखी एक दिवस, ‘ओव्हरलिथ’.

उरलेले पाचही दिवस सणाचे. शायरच्या गवंड्याने कापलेले तुकडे कपाटाखाली लपवले नाहीत, खोलीच्या मधोमध नक्षी करून बसवले. देवांचे जन्मदिवस नाहीत, अशुभाची भीती नाही, सद्गुणांची व्याख्यानं नाहीत. खाणंपिणं आणि नाच. पाच दिवसांच्या या वाटणीवरून हॉबिट कसे आहेत ते जितकं कळतं, तितकं वर्णनाच्या पाच पानांनीही कळणार नाही.

चंद्राला या कॅलेंडरात कुठेच जागा नाही, हे आपल्याला चटकन जाणवतं. पौर्णिमा-अमावास्येशी हॉबिटांचा सण बांधलेला नाही. लेखकाने मात्र चंद्राकडे दुर्लक्ष केलं नाही. कथेत एका टप्प्यावर प्रवासी वेगवेगळ्या दिशांना पांगतात आणि एकाच रात्री वेगवेगळ्या ठिकाणांहून आकाश पाहतात. तेव्हा एकाला पौर्णिमा आणि दुसऱ्याला चंद्रकोर दिसून चालणार नाही. यासाठी टोल्किननी १९४१-४२ च्या प्रत्यक्ष चंद्रकला आधाराला घेतल्या आणि दिवसवार तक्ते केले.

४. वारच काढून टाकला

आता मूळ प्रश्नाकडे. तीस दिवसांच्या महिन्यांनी तारखा नीट झाल्या, पण एकूण दिवस ३६५ ते ३६५च. वार सरकणारच. शायरमध्येही आधी सरकत असत. मग दुसरा आयसेनग्रिम नावाचा प्रमुख गादीवर असताना लोकांना हा प्रकार गबाळा वाटू लागला, आणि त्यांनी सुधारणा केली: वर्षमध्याच्या दिवसाला वारच द्यायचा नाही. ओव्हरलिथलाही नाही.

पहिला लिथ शुक्रवारी येतो. त्यानंतरचा दिवस ना शुक्रवार ना शनिवार, तो नुसता वर्षमध्य. दुसऱ्या दिवशी शनिवार उजाडतो. आठवड्यांच्या हिशेबात आता ३६४ दिवसच राहिले, आणि ३६४ ला सातने निःशेष भाग जातो. प्रत्येक वर्ष शनिवारी सुरू होणार, शुक्रवारी संपणार. दरवर्षी, कायम.

म्हणजे शायरमध्ये भिंतीवर एकच कॅलेंडर पणजोबांपासून पणतूपर्यंत चाललं असतं. आपल्याकडे दर डिसेंबरला नव्या कालनिर्णयासाठी होते ती धांदल तिथे नाही, कॅलेंडर छापणाऱ्याला मात्र दुसरा धंदा शोधावा लागला असता. कथेतला बिल्बो बॅगिन्स आणि त्याचा वारस फ्रोडो या दोघांचाही वाढदिवस २२ सप्टेंबरला असतो, आणि तो नेहमी गुरुवारीच येतो. हॉबिटांचा आठवडा शनिवारी सुरू होऊन शुक्रवारी संपतो आणि शुक्रवारी दुपारनंतर सुट्टी असते. म्हणून त्यांचा गुरुवार म्हणजे आपला शनिवार समजावा असं टोल्किन सांगतात. एकशे अकराव्या वाढदिवसाची बिल्बोची प्रचंड मेजवानी गुरुवारी का होती, हे कोडं इथे सुटतं.

सुधारणेचा एक परिणाम टोल्किननी फार मिस्कीलपणे नोंदवला आहे. तारखेवरून वार आपोआप कळू लागल्यावर हॉबिट पत्रांत आणि रोजनिशीत वार लिहीनासे झाले. घरी त्याने सोय झाली. शेजारच्या ब्री गावापलीकडे प्रवास करायची वेळ आली की मात्र पंचाईत, कारण बाहेरच्या जगाचे वार अजून सरकतच होते.

५. पहिल्या तारखेचा शुक्रवार

हॉबिटांच्या बोलण्यात एक थट्टा होती. कधीच न होणाऱ्या गोष्टीबद्दल ते म्हणत, होईल की, पहिल्या तारखेच्या शुक्रवारी! आपण ज्या सुरात म्हशीला पंख फुटण्याची वाट पाहायला सांगू, त्याच सुरात. ही थट्टा खरी आहे का ते पडताळून पाहता येतं. कागद-पेन्सिल घ्या.

वर्षाचा पहिला दिवस यूल, शनिवार. म्हणून पहिल्या महिन्याची १ तारीख रविवारी. तीस दिवस म्हणजे चार आठवडे आणि वर दोन दिवस, म्हणून पुढच्या महिन्याची १ तारीख दोन वार पुढे: मंगळवार. त्यापुढे गुरुवार, शनिवार, सोमवार, बुधवार. सहा महिने झाले. सातव्याची पाळी खरं तर शुक्रवारची. पण मधे लिथचे दिवस येतात. सहाव्या महिन्याची ३० तारीख गुरुवारी, पहिला लिथ शुक्रवारी, मग बिनवाराचा दिवस, दुसरा लिथ शनिवारी, आणि सातव्या महिन्याची १ तारीख पुन्हा रविवारी. पुढचे सहा महिने त्याच पायऱ्यांनी जातात. शुक्रवार प्रत्येक वेळी थोडक्यात हुकतो.

एका म्हणीसाठी लेखकाने आधी अख्खं कॅलेंडर रचावं, हे वरवर पाहता वेडेपण आहे. पण वाचकाला न सांगताही ती म्हण खरी असते. कल्पित जगावर विश्वास बसतो तो असल्या जुळणाऱ्या हिशेबांमुळे, ड्रॅगनच्या लांबीरुंदीमुळे नव्हे.

६. मग आपण का नाही केलं?

ही कल्पना टोल्किनची एकट्याची नव्हती. खऱ्या जगात ती १९व्या शतकापासून मांडली जात होती. १९३० मध्ये अमेरिकेत एलिझाबेथ अकेलिस यांनी जागतिक दिनदर्शिकेचा पुरस्कार करणारी संस्था काढली. त्यांच्या योजनेत वर्षाचे चार समान भाग, प्रत्येक ९१ दिवसांचा, म्हणजे बरोबर तेरा आठवडे. चार भागांचे ३६४ झाले. उरलेला दिवस डिसेंबरच्या शेवटी, बिनवाराचा, ‘जागतिक दिन’. लीप वर्षातला जादा दिवस जूनच्या शेवटी, तोही बिनवाराचा. दर १ जानेवारीला रविवार. शायरची सुधारणा आणि ही योजना यांच्यात तत्त्वाचा काही फरक नाही.

या योजनेचा भारताशी जवळचा संबंध आहे. स्वतंत्र भारताला एकच राष्ट्रीय दिनदर्शिका असावी म्हणून १९५२ मध्ये खगोलभौतिकशास्त्रज्ञ मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. आकाशवाणीवर आजही ऐकू येणारी आणि राजपत्रावर दिसणारी शके तारीख हे त्या समितीचंच फळ, ही तारीख २२ मार्च १९५७ पासून, म्हणजे १ चैत्र शके १८७९ पासून लागू झाली. याच काळात, १९५३ मध्ये, जागतिक दिनदर्शिकेचा विषय भारतानेच संयुक्त राष्ट्रसंघाच्या आर्थिक व सामाजिक परिषदेपुढे नेला, आणि साहा यांनी पुढच्या वर्षी जिनिव्हाला जाऊन त्याची बाजू मांडली. काही वर्षांत प्रस्ताव बारगळला.

अडलं कुठे? गणितात नाही, वारात. यहुदी माणसाचा शब्बाथ म्हणजे दर सातवा दिवस, न चुकता. मधे एक बिनवाराचा दिवस घुसला की सरकारी शनिवार आठव्या दिवशी येणार. धर्माप्रमाणे मोजलेला सातवा दिवस मग यंदा शुक्रवारी, पुढच्या वर्षी गुरुवारी, असा कामाच्या आठवड्यातून भटकत राहणार. ख्रिस्ती पंथांपैकी शनिवार किंवा रविवार काटेकोरपणे पाळणाऱ्यांचीही हीच हरकत. आपल्याकडेही विचार करून पाहा. सोमवार शंकराचा, मंगळवार देवीचा, गुरुवार दत्ताचा, शनिवार मारुतीचा, रविवार खंडोबाचा. बिनवाराच्या दिवशी उपास कुणाचा करायचा?

आठवड्याची ही साखळी किती मजबूत असते त्याचा दाखला १५८२ चा आहे. पोप तेराव्या ग्रेगरीने कॅलेंडर दुरुस्त केलं तेव्हा दहा तारखा सरळ गाळल्या. ४ ऑक्टोबरनंतर १५ ऑक्टोबर उजाडला. पण ४ ऑक्टोबरला गुरुवार होता आणि १५ला शुक्रवार! तारखा गाळायची हिंमत पोपने केली, वार गाळायची केली नाही.

शायरमध्ये सुधारणा विनातक्रार पार पडली, याचं कारण माझ्या मते आयसेनग्रिमच्या कर्तबगारीत नाही. तिथे देऊळ नाही, पुजारी नाही, वाराचा उपास नाही. वारांची नावं मुळात तारे, सूर्य, चंद्र यांच्यावरून आलेली, पण त्यांचे अर्थ हॉबिट विसरून गेलेले. ज्या वाराला कुणी नमस्कार करत नाही, तोच वगळता येतो. टोल्किन स्वतः निष्ठावान कॅथलिक होते, दर रविवारी चर्चला जाणारे. आपल्या गावच्या चर्चपुढे त्यांनी ही सुधारणा मांडली असती असं काही मला वाटत नाही.

७. हजार वर्षांत पावणेपाच तास

शायरचं कॅलेंडर ज्यावरून उतरलं ते न्यूमेनोर या बुडालेल्या बेटाच्या राजांचं. हे लोक दर्यावर्दी. त्यांना एल्फ या कथेतल्या आणखी एका जमातीकडून सहा वारांचा आठवडा मिळाला, त्यात त्यांनी सातवा वार घातला आणि तो समुद्राला दिला.

त्यांचा लीप वर्षांचा नियम असा: दर चौथ्या वर्षी एक दिवस वाढवायचा, शतकाच्या शेवटच्या वर्षी नाही. म्हणजे शंभर वर्षांत २४, हजार वर्षांत २४० दिवस. आता सौरवर्ष ३६५ दिवस ५ तास ४८ मिनिटं ४६ सेकंदांचं. वरच्या तासा-मिनिटांना हजाराने गुणलं की २४२ दिवस आणि थोडे तास होतात. म्हणून सहस्रकाच्या शेवटी आणखी दोन दिवस घालायचे. तरी हिशेब पुरा होत नाही, ४ तास ४६ मिनिटं ४० सेकंद शिल्लक राहतात. परिशिष्टात हा आकडा सेकंदासकट दिलेला आहे, आणि गुणाकार करून पाहिला तर तो बरोबर निघतो.

एल्फ अमर. त्यांना ३६५ दिवसांचं वर्ष फार किरकोळ वाटतं, म्हणून त्यांचं मोठं माप म्हणजे आपली १४४ वर्षं. ते बारा-बाराच्या पटीत मोजतात. एका मापात ५२,५९६ दिवस, म्हणजे सहा दिवसांचे बरोबर ८,७६६ आठवडे, बाकी शून्य. त्यांच्या वर्षात महिन्यांऐवजी आपल्यासारखेच सहा ऋतू आहेत, फक्त ते समान नाहीत: उन्हाळा आणि हिवाळा ७२ दिवसांचे, बाकीचे चार ५४ दिवसांचे. लीप दिवसाची त्यांना घाई नसते. चार वर्षांनी एक घालण्याऐवजी ते बारा वर्षांनी एकदम तीन घालतात. मरण नसलेल्या माणसाला थकबाकीची काळजी कशाला!

८. सन कधीपासून?

महिने आणि वार झाले, तरी वर्षाला क्रमांक द्यायचा उरतोच. तो देताना प्रत्येक समाज आपल्यासाठी काय महत्त्वाचं घडलं ते सांगून टाकतो. शिवाजी महाराजांनी १६७४ च्या राज्याभिषेकापासून नवा शक सुरू केला, तो याच अर्थाने. शायरचा सन पहिला म्हणजे हॉबिट ब्रँडीवाइन नदी ओलांडून त्या मुलखात आले ते वर्ष. बाहेरच्या जगाच्या गणनेत ते तिसऱ्या युगाचं १६०१ साल. म्हणून शायर सनात १६०० मिळवले की बाहेरचं साल मिळतं: बिल्बोची मेजवानी शायर सन १४०१ ची, म्हणजे तिसऱ्या युगाच्या ३००१ ची. राजे आले, गेले, बेटं बुडाली. हॉबिटांनी मोजलं ते नदी ओलांडल्यापासून.

कथेच्या शेवटी महायुद्ध संपतं आणि गोंडोर या माणसांच्या बलाढ्य राज्याचा नवा राजा कालगणना बदलतो. शत्रूचा नाश २५ मार्चला झाला, म्हणून वर्ष आता २५ मार्चला सुरू होणार. त्या कामगिरीवर गेलेल्या फ्रोडोच्या वाढदिवशी सण, आणि लीप वर्षातला जादा दिवस कुठे टाकायचा? त्याच सणाचे दोन दिवस करायचे. एका साम्राज्याची बाकी एका खेडुताच्या वाढदिवसाला जोडली गेली. सत्कार असावा तर असा.

शायरमध्ये याची दखल कुणी घेतली नाही. नवं वर्ष यूललाच सुरू होत राहिलं, २५ मार्चही पाळला गेला नाही आणि २२ सप्टेंबरही नाही. त्यांना आठवत होता तो १४२० सालचा ओव्हरलिथ, कारण त्या वर्षी पीक अफाट आलं होतं आणि तसा जल्लोष पुन्हा झाला नाही. पुढे हॉबिटन गावाच्या परिसरात ६ एप्रिलला, हवा बरी असेल तर, मैदानात जमून नाचण्याची पद्धत पडली. कुणी म्हणे तो फ्रोडोच्या माळ्याचा, सॅमचा वाढदिवस. कुणी म्हणे त्या दिवशी १४२० मध्ये तिथल्या सोनेरी झाडाला पहिला बहर आला. आणि कुणी म्हणे ते एल्फांचं नववर्ष.